तुरोन: केळं, पारी आणि तेलात टाकलेली साखर

बोटीवर दुपारी तीनला चहाची सुट्टी व्हायची. इंजिन रूममधून वर येताना बॉयलर सूट अंगाला चिकटलेला असायचा, आणि जिन्यातच साखर करपल्याचा वास आला की कळायचं, आज कुयाने केळी काढली. कुया म्हणजे टागालोग भाषेत थोरला भाऊ, आपला दादा. आमचा कुक फिलिपिनो होता आणि सगळी बोट त्याला कुयाच म्हणायची. गॅलीच्या, म्हणजे बोटीवरच्या स्वयंपाकघराच्या, खिडकीत तो ताट ठेवायचा. ताटात बोटभर जाडीच्या, हाताएवढ्या लांब, तांबूस चकचकीत गुंडाळ्या. चावलं की आधी काच फुटल्यासारखा कट्ट आवाज, मग कुरकुरीत पापुद्रा, मग आत मऊ गरम केळं आणि मध्येच फणसाचा वास. रत्नागिरीच्या माणसाला भर समुद्रात फणसाचा वास येतो तेव्हा काय होतं, ते वेगळं सांगायला नको.

त्या गुंडाळीचं नाव तुरोन. उच्चार करताना जोर 'रोन'वर. शब्द स्पॅनिश. स्पेनने फिलिपाइन्सवर 1565 पासून 1898 पर्यंत राज्य केलं, त्या काळात भाषेत शेकडो स्पॅनिश शब्द मुरले. पण स्पेनमधला 'तुर्रोन' म्हणजे बदाम आणि मधाची वडी, नाताळात खायची. फिलिपाइन्सच्या तुरोनमध्ये ना बदाम ना मध. पारी तर स्पॅनिशही नाही. ती लुम्पियाची पारी, म्हणजे चिनी फुकिएन प्रांतातल्या व्यापाऱ्यांबरोबर आलेल्या रोलची. आतलं केळं तिथल्याच मातीतलं. मालाबोन भागात याच पदार्थाला 'सागिमिस' म्हणतात, आणि बऱ्याच ठिकाणी नुसतं 'लुम्पियांग सागिंग', म्हणजे केळ्याचा लुम्पिया. हे नाव मला जास्त प्रामाणिक वाटतं.

तिकडे हा जेवणातला पदार्थ नाही, 'मेर्येंदा'चा आहे. दोन जेवणांच्या मधलं खाणं म्हणजे मेर्येंदा. आपल्या चार वाजताच्या चहाचं चुलत भावंड. गल्लीच्या तोंडाशी कढई, शेजारी बांबूचं गोल सूप, त्यावर केळीचं पान आणि पानावर एकमेकांना न चिकटतील अशा मांडलेल्या गुंडाळ्या. बहुतेक वेळा शेजारीच काडीला टोचलेली साखरेत तळलेली केळी असतात. त्यांना 'बनाना क्यू' म्हणतात. बार्बेक्यूवरून पडलेलं नाव आहे, पण त्यात भाजणं काहीच नाही, सगळं तळणच.

आता कामाचं. मी हे घरी पहिल्यांदा केलं तेव्हा काही गोष्टी चुकवल्या. त्या सगळ्या पुढे येतीलच. सर्वांत मोठी चूक केळ्याची, म्हणून तिथूनच सुरुवात.

केळं कुठलं

मूळ केळं 'साबा'. बुटकं, जाड, कोनदार, सालही जाड. कच्चं असताना उकडून खातात, पिकलं तरी त्यात पिष्ट शिल्लक राहतं, म्हणून तेलात गेल्यावर ते आकार सोडत नाही. फिलिपाइन्समधून परदेशी बोटी भरून जाते ती कॅव्हेंडिश जातीची केळी, आणि साबा मुख्यतः तिथल्याच स्वयंपाकघरात राहतं. तिकडचा लालभडक बनाना केचपही केळ्याचाच. तो मी पहिले दोन महिने टोमॅटोचा समजून खाल्ला होता.

आपल्याकडे हातगाडीवर मिळतं ते केळं बहुतेक कॅव्हेंडिश गटातलं, जळगाव भागातून येणारं. शिकरणाला, नुसतं खायला त्याला तोड नाही. पण पिकल्यावर त्यात पाणी आणि साखर जास्त, धरून ठेवणारं पिष्ट कमी. मी तेच आणलं. कढईत पडल्यावर दोन मिनिटांत गुंडाळीच्या पोटात त्याची लापशी झाली, वाफेने शिवण फुटली, आणि केळ्याचा रस तेलात पडून जे काही उडालं त्याचे डाग अजून टाइल्सवर आहेत. आई दारात उभी राहून बघत होती. म्हणाली, "अरे, ही शिकरणाची केळी. तळायला राजेळी आण."

राजेळी म्हणजे कोकणातली आणि वसई पट्ट्यातली लांब, जाड, कोनदार केळी, जिची सुकेळी करतात. गर किंचित केशरी झाक असलेला, घट्ट. शिजल्यावरही फोड फोडच राहते. साबापेक्षा गोड थोडी कमी, पण साखर वरून येणारच असते, म्हणून ते फायद्याचंच. राजेळी नसेल तर केरळची नेंद्रन, जिचे पिवळे वेफर्स होतात. मुंबई-पुण्यातल्या मल्याळी दुकानांत ती पिकलेलीही मिळते. गोव्यात मोयऱ्याची मोठी केळी आहेत, त्यांच्याशीही जमतं. अमेरिकेत किंवा युरोपात असाल तर लॅटिन अमेरिकन दुकानातलं प्लांटन घ्या, आणि आखातात असाल तर फिलिपिनो सुपरमार्केटमध्ये सोललेलं साबा फ्रीझरमध्येच असतं. ते वितळवून कापडाने कोरडं करून वापरायचं.

पिकणं किती, हे महत्त्वाचं. राजेळी किंवा नेंद्रन पिवळी झाली म्हणजे तयार झाली असं नाही. सालीवर काळे पट्टे यायला हवेत, साधारण एक तृतीयांश साल काळी. दाबलं तर बोट किंचित रुतावं, पण खड्डा राहू नये. नुसती पिवळी घेतलीत तर आतून बटाटा लागेल आणि जिभेला तुरटपणा येईल. पूर्ण काळी झाली असेल तर तिचा हलवा करा. बाजारातून हिरवट मिळाली तर कागदात गुंडाळून तांदळाच्या डब्यात चार-पाच दिवस ठेवायची. घाई करण्यात अर्थ नाही.

आणि घरात फक्त साधीच केळी असतील तर? करता येतं, पण जरा कच्चट घ्या, टोकं हिरवी असलेली, आणि गुंडाळी बारीक करा. चव तुरोनची येईल, चावायला मात्र आत गोळा लागेल. पाहुण्यांसाठी करू नका.

काय काय लागेल

12 गुंडाळ्यांचा हिशोब देतो. तीन-चार मोठी राजेळी किंवा नेंद्रन केळी. कापा फणसाचे आठ-दहा गरे. स्प्रिंग रोलच्या 12 शीट, साधारण आठ इंची चौकोनी. ब्राऊन शुगर एक वाटी. त्यातली अर्धी आत लावायला, अर्धी तेलात टाकायला. तळायला अर्धा ते पाऊण लिटर तेल, शेंगदाण्याचं सोडून कुठलंही, कारण त्याचा वास केळ्याच्या वर चढतो. शिवण चिकटवायला दोन चमचे मैद्याची पाण्यात कालवलेली खळ.

साखरेबद्दल थोडं जास्त बोलावं लागेल. ब्राऊन शुगर नसेल तर आपली रोजची साखर चालते, फक्त रंग जरा फिका येतो आणि काकवीचा तो खोल वास येत नाही. मोठ्या दाण्याची असेल तर मिक्सरमधून एकच फिरकी द्या. रवाळ झाली पाहिजे, पीठ नाही. पिठीसाखर तेलात पडली की गोळे होऊन करपते. आणि गूळ? मोह मलाही झाला. कोल्हापुरी गूळ किसून तेलात टाकला तर तेल फेसाळून वर आलं आणि गुळातले कण मिनिटभरात काळे झाले. तेलात गूळ नको. आत लावायच्या साखरेत मात्र दोन चमचे गुळाची पावडर मिसळा, फार छान वास येतो. त्याहून जास्त नको, कारण गूळ लवकर पातळ होतो आणि शिवण शोधत बाहेर येतो.

फणस कापाच हवा. बरका फणस घेतलात तर तो पारीत चिखल करील. आठळी काढून प्रत्येक गऱ्याच्या लांबीने तीन-चार पट्ट्या कापायच्या. मे महिन्यात हे सोपं. बाकी वर्षभर डब्यातला पाकातला फणस घ्या, पण चाळणीत निथळून, वर पंच्याने टिपून कोरडा करून. फिलिपाइन्समध्ये याला 'लांका' म्हणतात, आणि लांका नसलेला तुरोनही गल्लोगल्ली विकला जातो. नसेल तर नसू द्या. त्याच्या जागी ओलं खोबरं किंवा वेलची घालणारे आपल्याकडे भेटतील. करून बघा हवं तर, पण मला त्याची चव मोदकासारखी लागते, आणि मोदक मोदकाच्या जागी बरा.

पारी

विकतची स्प्रिंग रोल शीट हा सोपा मार्ग आहे, त्यात लाज नाही. तिकडेही घरोघर विकतचीच पारी आणतात. पाकीट फ्रीझरमधून काढून बंदच ठेवा, खोलीच्या तापमानाला पाऊण तास. अर्धवट गोठलेली शीट सोडवायला गेलात की कोपरा हातात येतो. एकेक अलगद सोडवून ढीग करा आणि ढिगावर ओलं करून घट्ट पिळलेलं फडकं टाका. उघडी राहिली की पाच मिनिटांत कडा पापडासारख्या होतात आणि दुमडताना चिरतात.

विकतची न मिळाल्यास घरी जमतं. एक वाटी मैदा, पाव वाटी कॉर्नफ्लोअर, चिमूटभर मीठ आणि साधारण दीड वाटी पाणी. गुठळी राहू देऊ नका, गाळून घ्या, अर्धा तास झाकून ठेवा. पीठ घावनाच्या पिठाएवढं पातळ असावं. नॉनस्टिक तवा अगदी मंद आचेवर, नुसता कोमट म्हणावा इतका. मऊ ब्रशने पिठाचा एक पातळ हात फिरवा, भोकं राहिली तिथे पुन्हा एकदा टेकवा. तवा जास्त तापला असेल तर पीठ ब्रशलाच चिकटून गोळा होतं. असं झालं की गॅस बंद करून मिनिटभर थांबा. कडा सुटून वर आल्या की उचला. उलटायचं नाही, एकाच बाजूने शिजवायची. ताटात ठेवून वर कॉर्नफ्लोअरची चिमूट भुरभुरवा आणि लगेच फडक्याखाली. पहिल्या तीन-चार फुकट जाणार, हे धरूनच चाला.

समोसा पट्टी मुंबईत सहज मिळते, पण ती अरुंद आणि लांब, तिची गुंडाळी केली तर दोन्ही तोंडं उघडी राहतात. तिचा उपयोग दुसरीकडे आहे, तो पुढे सांगतो. आणि कणकेची पोळी लाटून त्यात केळं गुंडाळू नका. ते वाईट लागतं असं नाही, पण तो कानवला होतो.

गुंडाळणं

केळी सोलून आधी उभी दोन भाग करा, मग साधारण चार इंचांचे तुकडे. राजेळी फार जाड असेल तर उभे तीन भाग. तुकड्याची जाडी अंगठ्याएवढी असावी, नाहीतर पारी तांबूस होईपर्यंत केळं आत थंडच राहतं.

इथे वेळेची एक गोष्ट आहे जी कुयाने मला ओरडून शिकवली. केळं साखरेत घोळवून ठेवू नका. साखर लागली की केळ्याला पाणी सुटायला लागतं, दहा मिनिटांत ताटात पाक होतो, आणि ते ओलं केळं पारीत गेलं की पारी आतून भिजते. म्हणून एक तुकडा घोळवा, गुंडाळा, मगच पुढचा. सगळं गुंडाळून झालं की 20 मिनिटांच्या आत तळायला घ्या. तेल आधीच मंद आचेवर ठेवलेलं बरं.

शीट हिऱ्यासारखी तिरकी ठेवा, एक कोपरा तुमच्याकडे. त्या कोपऱ्यापासून तीन बोटं वर केळ्याचा तुकडा आडवा ठेवा, दोन्ही बाजू साखरेत घोळवलेल्या. वर फणसाच्या दोन पट्ट्या. पट्ट्या केळ्याच्या कापलेल्या सपाट बाजूवर बसल्या की घसरत नाहीत. जवळचा कोपरा केळ्यावरून नेऊन पलीकडे खाली दाबा आणि बोटांनी स्वतःकडे ओढून घट्ट करा, जशी विडी वळतात तशी. एक वळसा द्या. मग डावी-उजवी टोकं आत, सरळ, पाकिटाच्या झडपांसारखी. ती तिरपी गेली तर कडेला बारीक बोगदा राहतो आणि साखर तिथूनच निसटते. पुढे गुंडाळत जा, शेवटच्या कोपऱ्याला बोटाने खळ लावा आणि शिवण खाली करून ताटात ठेवा.

घट्ट म्हणजे किती? हातात धरून हलवली तर आतलं केळं हलता कामा नये. आत हवा राहिली की ती तेलात फुगते आणि फुगलेली पारी करंजीसारखी कुठेतरी तोंड उघडते. करंजी फुटली तर सारण करपतं, ही फुटली तर सारणाबरोबर साखरही तेलात जाते आणि पुढच्या सगळ्या गुंडाळ्यांना कडू ठिपके चिकटतात. पण इतकीही ताणू नका की पारी कोपऱ्यावर पातळ होऊन फाटेल. पहिल्या दोन-तीन बेढब होतात. चवीला सारख्याच.

तळण: खरी गोम इथे

तुरोनचा तो काचेसारखा थर वरून ओतलेल्या पाकाचा नसतो. साखर थेट तेलात टाकतात. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला वाटलं कुयाचा हात चुकला.

होतं काय, तर साखर तेलात विरघळत नाही. ती पाण्यात विरघळते. तेलात फक्त वितळते. टाकल्यावर जड म्हणून तळाशी बसते, तापून पातळ होते, तांबूस होते आणि चिकट धागे-थेंब होऊन कढईत फिरायला लागते. त्याच वेळी जो पदार्थ तेलात उलटापालटा होत असतो, त्याच्या पृष्ठभागाला हे थेंब चिकटतात. म्हणजे एकाच कढईत तळणही होतं आणि वर चिक्कीचा थरही बसतो.

तिकडे दोन पंथ आहेत. एका पंथात साखर आधी तेलात टाकतात, ती वितळून वर तरंगायला लागली की गुंडाळ्या सोडतात. दुसऱ्या पंथात आधी गुंडाळ्या, मग त्यांच्यावरून साखर पेरतात. कुया पहिल्या पंथाचा. मी मात्र तुम्हाला दुसरा सांगतो, आणि कारण पारीचं आहे. तिकडची लुम्पियाची पारी पातळ असते, साखर तांबूस होईपर्यंत तीही तयार होते. आपल्या बाजारात मिळणाऱ्या शीट जरा जाड असतात आणि त्यांना वेळ जास्त लागतो. साखर आधी टाकली तर शीट फिकटच असते तोवर साखर कडू झालेली असते.

कढईत तेल तीन बोटं खोल हवं, आणि कढई रुंद घ्या. तापमापी असेल तर 165 ते 170 अंश सेल्सिअस. नसेल तर पारीचा नखाएवढा तुकडा टाका: तो लगेच वर येऊन भोवती शांत, बारीक बुडबुडे यायला हवेत. तडतडला आणि काही सेकंदांत तपकिरी झाला तर तेल जास्त तापलंय. गॅस बंद करून दोन मिनिटं थांबा. आच मध्यमच्या जरा खाली. पुऱ्यांसारखं कडकडीत तेल इथे चालत नाही.

एका वेळी चार, फार तर पाच गुंडाळ्या, शिवण खाली करून कडेने सोडा. पहिलं मिनिट हात लावू नका, शिवण पक्की होऊ द्या. मग उलटा. साधारण तीन मिनिटांनी रंग बिस्किटासारखा फिका सोनेरी होईल आणि वरची बाजू कोरडी वाटेल. हीच वेळ. अडीच ते तीन मोठे चमचे साखर सगळ्या गुंडाळ्यांवरून सारखी भुरभुरवा. थोडी वर राहील, बाकी खाली जाईल. आच किंचित कमी करा.

आता कढईसमोरून हलायचं नाही. फोन आला तर वाजू द्या. चिमट्याने किंवा दोन उलथन्यांनी गुंडाळ्या सतत फिरवत राहा, तळाशी बसलेल्या साखरेवर लोळवत. पहिलं मिनिट काहीच होत नाहीसं वाटतं. मग तळाशी पिवळे थेंब दिसतात, ते एकत्र येतात, धागे सुटतात आणि गुंडाळ्यांवर चकाकी चढू लागते. रंग आधी मधाचा, मग तांब्याचा. तांब्याच्या रंगाला काढायच्या. गडद काथ्याचा रंग येईपर्यंत थांबलात तर कडू झालीच म्हणून समजा, कारण बाहेर काढल्यावरही साखरेचा रंग थोडा पुढे जातो. साखर टाकल्यापासून काढेपर्यंत सहसा दोन ते तीन मिनिटं. शंका असेल तर थेंबभर साखर झाऱ्याने उचलून वाटीतल्या थंड पाण्यात सोडा. चिक्कीच्या पाकासारखी कट्टकन मोडली की झालं. दाताला चिकटली तर अजून अर्धं मिनिट.

काढून कुठे ठेवायच्या, इथे मी माझी दुसरी मोठी चूक केली. भजी काढतो तशा पेपर टॉवेलवर ठेवल्या. पाच मिनिटांनी कागद आणि तुरोन एकजीव. बारा गुंडाळ्यांचे कागद सोलत बसलो, आणि पुतण्याने एक कागदासकट खाल्लीही. साखरेचा थर गरम असताना डिंक असतो. म्हणून जाळीवर ठेवा, किंवा तेलाचा हात फिरवलेल्या स्टीलच्या ताटात, किंवा केळीच्या पानावर. दोन गुंडाळ्यांमध्ये बोटभर अंतर, नाहीतर त्याही जन्माच्या सोबती होतात.

पुढचा घाणा सोडण्यापूर्वी झाऱ्याने तेलातले साखरेचे गोळे, फुटलेल्या पारीचे तुकडे सगळं काढून टाका. त्यातलं जे राहील ते दुसऱ्या घाण्यात काळं होणार. तिसऱ्या घाण्यापर्यंत तेल गडद होतंच.

आणि सावध राहा. वितळलेली साखर उकळत्या पाण्यापेक्षा कितीतरी जास्त गरम असते आणि कातडीला चिकटते. झटकली तरी जात नाही. शेजारी थंड पाण्याचं भांडं ठेवा. लहान मुलं ओट्याजवळ नकोत. ताटातली गुंडाळी पाच-सात मिनिटांनीच तोंडात घाला. वर गार लागली तरी आतलं केळं जीभ भाजतं.

बिघडलं तर

साखर गुंडाळ्यांना न चिकटता तळाशीच गोळा झाली: तेल थंड होतं किंवा तुम्ही हात चालवला नाही. आच थोडी वाढवा आणि गुंडाळ्या त्या गोळ्यावर लोळवा, बऱ्याचदा सावरतं. वर कुरकुरीत पण चव तेलकट: शिवण सैल होती, तेल आत शिरलं. बाहेर खमंग आणि आत केळं कच्चट: तेल जास्त तापलेलं, किंवा केळं पिकायचं बाकी. पारी मऊच राहिली: साखर फार लवकर टाकली.

आणि सगळं नीट होऊन तासाभरात चिकट, लिबलिबीत झाली तर दोष तुमचा नाही, हवेचा. साखरेचा थर हवेतलं पाणी ओढतो. चांगल्या कोरड्या दिवशी तुरोन दोन-तीन तास कुरकुरीत राहतो. कोकणातल्या जूनमध्ये अर्धा तासही नाही. गंमत म्हणजे आपल्याकडे कापा फणस भरपूर असतो तो नेमका हवा दमट व्हायला लागल्यावर. त्यामुळे मेच्या शेवटी करायचे असतील तर माणसं पानावर बसल्यावरच तळा. मऊ झालेले फ्रीजमध्ये टाकू नका, आणखी बिघडतात. तापलेल्या ओव्हनमध्ये किंवा एअर फ्रायरमध्ये 160 अंशांवर चार-पाच मिनिटं ठेवून बाहेर जाळीवर गार केले की बरेचसे परत येतात.

एअर फ्रायरमध्येच सुरुवातीपासून करता येईल का, असं बहीण दर वेळी विचारते. गुंडाळीला तेलाचा हात लावून 190 अंशांवर दहा-बारा मिनिटांत पारी छान कुरकुरीत होते. साखरेचा थर मात्र येत नाही. तो वेगळ्या तव्यावर साखर वितळवून त्यात लोळवून द्यावा लागतो. खायला बरं लागतं. मी त्याला तुरोन म्हणत नाही, बहीण म्हणते.

आधीपासून तयारी करायची असेल तर न तळलेल्या गुंडाळ्या फ्रीझरमध्ये ठेवा. आत साखर निम्मी करा, ताटात सुट्या गोठवा, मग डब्यात भरा. तीन-चार आठवडे राहतात. तळताना वितळवायच्या नाहीत, गोठलेल्याच तेलात सोडायच्या, आच जरा कमी, वेळ दोन-तीन मिनिटं जास्त. वितळवल्यात तर केळ्याचं पाणी पारीत उतरतं.

समोसा पट्टीचा उपयोग

 फिलिपाइन्समध्ये तुरोनचा एक त्रिकोणी भाऊ आहे, आत केळ्याऐवजी मुगाचं गोड सारण.  आईला हे सांगितलं तर ती म्हणाली, "म्हणजे मुगाचं पुरण की!" तेच. मुगाची डाळ शिजवून, साखर घालून, डाव उभा राहील इतकं घट्ट आटवायचं. पातळ ठेवलंत तर फुटणार. समोसा पट्टीत समोशासारखा त्रिकोण वळायचा, खळीने बंद करायचा आणि वर सांगितलं तसंच तळायचं, साखरेसकट. राजेळी न मिळालेल्या आठवड्यात मी हेच करतो.

खाताना बाकी सजावटीची गरज नाही. तिकडे हॉटेलांत आइस्क्रीमचा गोळा ठेवून देतात. गरम-गार छान लागतं, पण थर लवकर मऊ पडतो. मला कोऱ्या चहाबरोबर आवडतो, बिनसाखरेच्या. आई तिचा तुरोन दोन तुकडे करून, थर जिभेवर विरघळवत, अर्धा तास खाते.

शेवटी कढई. तेल गार झाल्यावर ओतून घ्या, गाळा, आणि पुढे गोड तळणालाच वापरा. त्यात वडे तळलेत तर घरात चौकशी होईल. तळाशी साखरेचा काळा थर दगडासारखा बसलेला असेल. तो खरवडायला जाऊ नका, उलथनं वाकेल. कढईत पाणी भरून गॅसवर ठेवा आणि उकळू द्या. दहा मिनिटांत सगळं पाण्यात सुटून येतं.